कान्होजी आंग्रे यांच्यापुढे मोठ्या युरोपीय युद्धनौका निष्प्रभ का ठरल्या?

आपला प्रश्न असा आहे की, इंग्रज आणि पोर्तुगीज यांची जहाजे उंच, तोफा अधिक आणि खलाशी मुरलेले असताना सरखेल, म्हणजे मराठ्यांच्या आरमाराचे प्रमुख, कान्होजी आंग्रे १७२९ मधील आपल्या मृत्यूपर्यंत त्यांना पुरून कसे उरले, आणि त्यांच्या ताफ्यात या युरोपीय जहाजांच्या तोडीचे एखादे तरी जहाज होते काय. तोडीचे जहाज नव्हते आणि आपल्या किनाऱ्यावर लढण्यासाठी त्याची फारशी गरजही नव्हती, असे माझे स्पष्ट मत आहे.

कान्होजींच्या आरमाराची मदार गुराब आणि गलबत या दोन प्रकारांवर होती. गुराब दोन किंवा तीन डोलकाठ्यांची. तिची नाळ, म्हणजे पुढचे टोक, पुढे लांब निघालेली असे आणि मुख्य तोफा त्या नाळेवरून समोर मारा करतील अशा बसवलेल्या असत. गलबत लहान, हलके आणि शिडांबरोबर वल्ह्यांवरही चालणारे होते. वारा पडला की इंग्रजांचे अवजड जहाज जागच्या जागी खिळून राही. तेव्हा गलबते वल्ही मारत गुराबांना दोरांनी ओढत त्याच्या पिछाडीला आणून उभी करत. अशा जहाजाच्या तोफा दोन्ही कुशींना रांगेने असत, पिछाडीला मात्र मोजक्याच. तेथून डोलकाठ्या आणि शिडे फोडायची, जहाज लुळे पडले की गलबतांतील माणसांनी चहूबाजूंनी वर चढायचे, अशी ही रीत होती. कोळी, भंडारी, गाबीत आणि कोकणी मुसलमान यांना वारे, भरती-ओहोटी आणि खडक लहानपणापासून ठाऊक असल्याने ती साधत असे. प्रसंग उलटला तर उथळ खाडीत शिरावे. खोल तळाचे जहाज तेथे पाठलाग करू शकत नसे.

या खाड्यांच्या तोंडाशी आणि किनाऱ्यालगतच्या बेटांवर किल्ले होते. विजयदुर्गाला वाघोटन खाडीचा आसरा होता आणि जवळच गिर्ये येथे जहाजांची गोदी होती. खांदेरी तर मुंबईच्या तोंडावरच असल्याने बंदरात कोण येते आणि कोण जाते हे तेथून दिसे. मुंबईचे इंग्रज गव्हर्नर चार्ल्स बून यांनी १७१७ मध्ये विजयदुर्गावर आणि १७१८ मध्ये खांदेरीवर आरमार पाठवले. दोन्ही वेळा ते हात हलवत परतले. १७२० मध्ये मुंबईत मुद्दाम बांधलेला, जड तोफांचा एक तरंगता तोफखानाही विजयदुर्गापुढे उपयोगी पडला नाही. १७२४ मध्ये डचांनी त्याच किल्ल्यावर प्रयत्न केला, तोही फसला.

भांडणाचे मूळ मात्र दस्तकात, म्हणजे समुद्रातील परवान्यात, होते आणि आपल्याकडे या बाजूकडे कमी लक्ष दिले जाते. मराठ्यांच्या किनाऱ्यावरून माल नेणाऱ्याने सरखेलांचा परवाना घ्यावा, हा दावा कान्होजी राज्याचा अधिकारी म्हणून करत होते. पोर्तुगीजांनी कार्ताझ या आपल्या परवान्याच्या रूपाने याच समुद्रात दोनशे वर्षे तोच दावा चालवला होता. इंग्रज स्वतःला या नियमाबाहेर मानत, एवढेच नव्हे तर ईस्ट इंडिया कंपनीचे निशाण लावून इतर व्यापाऱ्यांचा मालही नेला जाई. १७१२ मध्ये गव्हर्नर एस्लबी यांची नौका कारवारकडून येताना पकडली गेली आणि तीवरील श्रीमती चाऊन यांच्या सुटकेसाठी इंग्रजांनी तीस हजार रुपये मोजले. त्यानंतर १७१३ मध्ये झालेल्या तहात, कंपनीची स्वतःची नसलेली जहाजे इंग्रजी निशाण लावणार नाहीत, असे कलम आले. ही अट ज्याने मान्य करून घेतली, त्याला लुटारू म्हणून निकालात काढणारे इंग्रजी लेखन वाचताना मला आजही राग येतो.

आता समुद्राइतकाच महत्त्वाचा असलेला जमिनीचा भाग. कान्होजी आधी ताराबाईंच्या पक्षाचे होते. १७१३ मध्ये शाहू महाराजांचे पेशवे बहिरोपंत पिंगळे त्यांच्यावर चालून गेले आणि कैदेत पडले. त्यानंतर पेशवेपद मिळालेल्या बाळाजी विश्वनाथ यांनी लोणावळ्याजवळ वळवण येथे त्यांच्याशी बोलणी करून त्यांना शाहूंच्या पक्षात आणले. दहा किल्ले, सोळा लहान ठाणी आणि सरखेलपद त्यांच्याकडे कायम राहिले. या समेटामुळे त्यांची पाठ राखली गेली.

त्याचा पडताळा १७२१ च्या डिसेंबरात आला. कमोडोर मॅथ्यूज इंग्लंडच्या राजाच्या युद्धनौका घेऊन आला होता आणि मुंबईकर इंग्रज व गोव्याचे पोर्तुगीज मिळून सुमारे सहा हजारांची फौज चौलमार्गे अलिबागजवळच्या कुलाबा किल्ल्यावर चालून गेली. अलिबागच्या किनाऱ्यावरून ओहोटीला या किल्ल्यापर्यंत चालत जाता येते, भरतीला वाट पाण्याखाली जाते. त्यामुळे हल्लेखोरांना मोजकाच वेळ मिळे, तर खोल तळाच्या जहाजांना उथळ पाण्यामुळे जवळ येऊन मारा करणे अवघड होते. शिड्या लावून तटावर चढण्याचा प्रयत्न झाला आणि फसला. तेवढ्यात शाहूंनी पाठवलेले घोडदळ घेऊन पिलाजी जाधव आणि बाजीराव पेशवे मैदानात उतरले. पोर्तुगीजांची बाजू मोडली, पाठोपाठ इंग्रजही मागे हटले. जानेवारी १७२२ मध्ये पोर्तुगीजांनी मराठ्यांशी वेगळा तह केला आणि इंग्रज एकटे पडले.

नंतरच्या घडामोडी याच अंगाने पाहाव्यात, अशी माझी विनंती आहे. कान्होजींच्या पश्चात त्यांचे पुत्र सेखोजी यांनी घर सांभाळले, पण १७३३ मध्ये त्यांचाही मृत्यू झाला आणि संभाजी दक्षिण कोकणात, मानाजी कुलाब्याला अशी या भावांत दौलत विभागली. संभाजींनंतर विजयदुर्ग त्यांचे भाऊ तुळाजी यांच्याकडे आला. ते शूर होते, पण पेशव्यांची सत्ता त्यांनी मानली नाही. नानासाहेब पेशव्यांच्या तक्रारी निराधार नव्हत्या. तरीही त्यांनी इंग्रजांना सोबत घेतले, हे मला पटत नाही. १७५५ मध्ये कमोडोर जेम्सने सुवर्णदुर्ग घेतला. फेब्रुवारी १७५६ मध्ये वॉटसनचे आरमार आणि क्लाइव्हचे सैन्य विजयदुर्गावर आले; तोफांच्या माऱ्याने बंदरातील गुराबा पेटल्या आणि सारा ताफा जळून गेला. तट तोच, खाडी तीच आणि गुराबाही त्याच घडणीच्या होत्या. फक्त या वेळी पेशव्यांची फौज जमिनीवरून आंग्र्यांच्या विरुद्ध उभी होती.