एलिसिया मार्जिनाटा ही समुद्री गोगलगाय स्वतःचं डोकं तोडून नवीन शरीर उगवते, हे खरं आहे का?

हो, खरं आहे. उष्ण कटिबंधातल्या समुद्रात राहणारी ही बिनकवचाची गोगलगाय मानेवरच्या एका खाचेपाशी स्वतःला तोडून घेते. हृदयासह जवळजवळ सगळं धड मागे राहतं आणि सुटं डोकं सरपटत निघून जातं. जपानमधल्या नारा महिला विद्यापीठाच्या सायाका मितोह आणि योइची युसा यांनी २०२१ साली हे 'करंट बायॉलॉजी' या विज्ञान-नियतकालिकात प्रसिद्ध केलं. जखम साधारण दिवसभरात भरते, लहान वयाचं डोकं काही तासांतच शेवाळ खायला लागतं, आठवडाभरात हृदय तयार होतं आणि सुमारे तीन आठवड्यांत सगळं शरीर! हृदयाविना इतके दिवस डोकं जगतं कसं? ही गोगलगाय शेवाळातली हरितलवकं (प्रकाशाच्या मदतीने अन्न बनवणारे हिरवे कण) पचवून न टाकता आपल्या पेशींत साठवते. त्यांच्या प्रकाशसंश्लेषणाचा आधार मिळत असावा, असा संशोधकांचा अंदाज आहे. तो अजून सिद्ध झालेला नाही.

मात्र हे सगळ्यांना साधत नाही. म्हाताऱ्या गोगलगायींची डोकी खात नाहीत आणि दहाएक दिवसांत मरतात. उलटंही घडत नाही: मागे राहिलेलं धड कित्येक आठवडे हालचाल करतं, पण त्याला नवं डोकं कधीच फुटत नाही.