किडकिडीत भाचा आणि रग्बी

प्रश्न : आयर्लंडला असलेली बहीण मुलाला क्लोंगोज वुड या मुलांच्या निवासी शाळेत घालतेय. तिथे म्हणे रग्बीचं भारी वेड. किडकिडीत पोराचा निभाव लागेल?

उत्तर : वेड आहेच, मावशी! १८१४ची जेझुइट (कॅथलिक धर्मसंघाची) शाळा, पहिलीपासून शेवटच्या वर्गापर्यंतची नावंसुद्धा ‘एलिमेंट्स’ ते ‘रेटरिक’ अशी जुनी; पण लेन्स्टर प्रांताचा शालेय रग्बी चषक आला की शाळेच्या जांभळ्या-पांढऱ्या जर्सीपुढे बाकी सगळं मागे पडतं. आयर्लंडचे रग्बीपटू रॉब कर्नी, गॉर्डन डार्सी इथलेच. मात्र संघातल्या पंधरा जणांत धिप्पाड हवेत ते स्क्रमला, म्हणजे चेंडूसाठी एकमेकांना भिडून रेटायला. विंगवर, म्हणजे मैदानाच्या कडेला धावायला, चपळ काटकुळाही चालतो. मला काळजी वाटते ती घरच्या आठवणीची. पहिली सहामाही जड जाते. आणि दातांचं माउथगार्ड दंतवैद्याकडून मापाचं करून घ्या. बाजारातलं पोरं चघळून टाकतात.