उड्डाणाच्या ऐन वेळी इंजिन गेलं तर? : वाचकांचे प्रश्न

मँचेस्टरच्या १९८५ सालच्या विमान अपघातावर आम्ही दिलेल्या टिपणानंतर बरीच पत्रं आली. टिपण ज्यांच्या वाचनातून सुटलं त्यांच्यासाठी थोडक्यात: २२ ऑगस्ट १९८५ रोजी ब्रिटिश एअरटूर्सचं बोइंग ७३७ विमान १३१ प्रवासी आणि ६ कर्मचारी घेऊन ग्रीसमधल्या कॉर्फू बेटाकडे निघालं. धावपट्टीवरच डावं इंजिन फुटलं. उड्डाण रद्द झालं, विमान थांबलं, आणि तरीही ५५ जण दगावले.

इंजिन बंद पडल्यावर वैमानिक थांबतो की उडतो? हे कोण ठरवतं? (कोल्हापूर)

ठरलेलं असतं, आणि तेही विमान धावपट्टीवर येण्याआधीच. विमानाचं वजन, धावपट्टीची लांबी, वारा, तापमान, पट्टी ओली की कोरडी यावरून प्रत्येक उड्डाणासाठी एक निर्णयवेग काढतात. त्याला व्ही-वन म्हणतात. मध्यम आकाराच्या जेट विमानाला तो साधारण १३० ते १५० नॉट, म्हणजे ताशी २४० ते २८० किलोमीटर असतो. थांबायचं असेल तर या वेगापर्यंत पहिली कृती झालेली हवी. ‘थांबू या का?’ असा विचार त्या वेगाला सुरू करून चालत नाही. म्हणूनच व्ही-वनचा पुकारा झाला की कॅप्टन थ्रस्ट लिव्हरवरचा, म्हणजे इंजिनाचा जोर कमीजास्त करणाऱ्या दांड्यावरचा हात काढून घेतो.

त्यापुढे इंजिन गेलं तर उडायचंच. दोन इंजिनांच्या विमानाला एका इंजिनावर, चाकं आत घेतल्यावर, किमान २.४ टक्के चढ घेता आलाच पाहिजे, नाहीतर त्याला प्रमाणपत्र मिळत नाही. १०० मीटर पुढे गेल्यावर २.४ मीटर वर. ऐकायला फार कमी वाटतं, पण हे गणित सगळ्यात नाजूक टप्प्यासाठी मांडलेलं असतं आणि ते जमतं. वैमानिक पायाने रडर, म्हणजे शेपटीवरचं सुकाणू दाबून नाक सरळ ठेवतो, चाकं वर घेतो, आणि साधारण ४०० फुटांपर्यंत बाकी कशालाही हात लावत नाही. घाईघाईत चालू इंजिनच बंद केल्याचे प्रकार झालेले आहेत, म्हणून हा संयम.

मग मँचेस्टरला नेमकं बिघडलं काय? (पुण्यातील एक अभियांत्रिकी विद्यार्थी)

इंजिन होतं प्रॅट अँड व्हिटनीचं जेटी८डी. त्यात इंधन जाळण्यासाठी पत्र्याचे नऊ डबे गोलाकार बसवलेले असतात. त्यांना कॅन म्हणतात. नवव्या कॅनला तडे गेले होते आणि १९८३ मध्ये ते वेल्डिंग करून बुजवले होते. प्रचंड तापमानाच्या चढउतारात ती जागा टिकली नाही. कॅन आडवा तुटला, आतली तप्त हवा वाट सोडून बाहेरच्या आवरणावर आदळू लागली आणि उड्डाणाच्या पूर्ण जोराखाली ते आवरण उलून फुटलं.

आदल्या दिवसांत हे इंजिन आळसावल्यासारखं वेग घेतं, दोन्ही लिव्हर जुळत नाहीत, अशा तक्रारी नोंदवल्या गेल्या होत्या. उपाय म्हणून इंजिनाचं ट्रिमिंग, म्हणजे इंधनाचं समायोजन केलं गेलं. कॅन तुटत आला की हीच लक्षणं दिसतात, पण हा संबंध तेव्हा देखभाल करणाऱ्यांपर्यंत पोचलेला नव्हता.

इथवरचं सगळं निभावण्यासारखं होतं. घात केला बाहेर उडालेल्या कॅनच्या तुकड्याने. पंखाच्या तळाला इंधनटाकीची तपासणी करण्यासाठी एक झाकण असतं, नेमकं त्यावर तो बसला. झाकणाची आघात सोसण्याची ताकद शेजारच्या पंखाच्या पत्र्याच्या सुमारे चौथा हिस्सा होती. भोक पडलं आणि इंधनाची धार थेट पेटलेल्या इंजिनाच्या झोतात लागली.

विमान जमिनीवर, आगीचे बंब जवळ. तरी ५५ माणसं कशी गेली? (नाशिक, आणि असाच प्रश्न ठाण्याहून)

हा खरा प्रश्न, आणि त्याचं उत्तर इंजिनात नाही.

सुमारे १२५ नॉटला ‘धप्प’ असा आवाज झाला. वेग निर्णयवेगाच्या आत होता. टायर फुटला किंवा पक्षी आदळला असं समजून कॅप्टनने उड्डाण रद्द केलं आणि ब्रेक फार जोरात मारू नकोस, असं सहवैमानिकाला सांगितलं. टायरच्या बाबतीत हा सल्ला योग्यच होता. आगीची घंटा वाजली ती आवाजानंतर नऊ सेकंदांनी. विमान धावपट्टीवरून उजवीकडे जोडमार्गावर वळून थांबलं. वारा जेमतेम ७ नॉटचा, ताशी १३ किलोमीटर, पण या वळणामुळे तो डावीकडून आला आणि ज्वाळा थेट विमानाच्या अंगावर लोटल्या गेल्या. मिनिटाच्या आत मागचा डावा भाग जळून आगीला आत वाट झाली.

आता दरवाजे पाहा. मागचा उजवा दरवाजा उघडला गेला, पण धुरामुळे त्यातून एकही जण वाचला नाही. तिथले दोन्ही कर्मचारी गेले. पुढचा उजवा दरवाजा उघडताना स्लाइडच्या, म्हणजे उतरण्याच्या फुगवत्या घसरगुंडीच्या पेटीचं झाकण अडकलं. कर्मचारी तो सोडून डावीकडे गेले आणि विमान थांबल्यापासून २५ सेकंदांनी डावा दरवाजा उघडला. मग परत येऊन उजवा उघडला तोवर ७० सेकंद झाले होते. त्यात पुढच्या दोन पार्टिशनमधली वाट अवघी साडेबावीस इंच. माणसं तिथे गच्च अडकली आणि एका कर्मचारी महिलेने पुढच्या माणसाला अक्षरशः ओढून तो बूच काढला.

पंखावरच्या उजव्या दारापाशी, दहाव्या रांगेत, खिडकीजवळच्या प्रवासी महिलेने दाराची कडी समजून खुर्चीचा हात ओढला. शेजारच्या मैत्रिणीने वरचा खरा दांडा ओढला तेव्हा ४८ पौंडांचं, म्हणजे जवळजवळ २२ किलोचं झाकण आत खिडकीशी बसलेल्या तिच्याच अंगावर पडलं आणि ती अडकली. मागच्या माणसाने ते उचललं. हा मार्ग खुला झाला तो ४५ सेकंदांनी.

विमानातच दगावलेल्या ५४ जणांपैकी ४८ जण धूर आणि विषारी वायूने गेले, भाजून नव्हे. एका प्रवाशाला बऱ्याच उशिरा जिवंत बाहेर काढलं, पण सहा दिवसांनी तोही गेला. गाद्या, आतलं प्लॅस्टिक, भिंतींचं अस्तर जळताना कार्बन मोनॉक्साइड आणि हायड्रोजन सायनाइड निघतो. दोनचार श्वासांत माणसाचे हातपाय गळतात, मग दार हातभर अंतरावर असूनही काय उपयोग?

या अपघातानंतर काय बदललं? (सोलापूर)

आगीला दाद न देणारं आवरण असलेल्या गाद्या, धुरातही रांगत जाताना दिसावेत म्हणून जमिनीलगतचे दिवे, पंखावरच्या दारापाशी रुंद मोकळी जागा. प्रवाशांना धुरापासून वाचवणारे मुखवटे द्यावेत, अशीही शिफारस होती. ती मात्र मानली गेली नाही. मुखवटा चढवण्यात वेळ जाईल हा आक्षेप अगदीच खोटा नाही, पण ४८ हा आकडा पाहता आम्हाला तो पुरेसा वाटत नाही.

इंजिनाभोवती चिलखतासारखं जाड आवरण का घालत नाहीत? (रत्नागिरी)

पंख्याचं एक पातं तुटलं तर ते आवरणातच राहिलं पाहिजे, असा नियम आहे आणि प्रत्यक्ष इंजिन फिरवून पातं तोडून चाचणी घेतात. पण पाती ज्यावर बसतात ती डिस्कच फुटली तर तिला अडवेल इतकं आवरण घेऊन विमान उडणार नाही. २८ ऑक्टोबर २०१६ रोजी शिकागोला अमेरिकन एअरलाइन्सच्या बोइंग ७६७ च्या इंजिनातली टर्बाइन डिस्क उड्डाणाच्या धावेत फुटली. एक तुकडा पंख भेदून सुमारे ९०० मीटरवरच्या एका गोदामात जाऊन पडला. आग लागली, तरी विमानातले सगळे १७० जण वाचले. तिथे घोटाळा वेगळाच झाला: दुसरं इंजिन चालू असतानाच माणसं उतरू लागली आणि त्याच्या झोताने एक प्रवासी फेकला जाऊन गंभीर जखमी झाला.

इंजिन गळूनच पडलं तर? शिकागोच्या १९७९ च्या अपघाताबद्दल ऐकलं आहे. (डोंबिवली)

२५ मे १९७९, अमेरिकन एअरलाइन्सचं डीसी-१०. विमान उचललं जात असतानाच डावं इंजिन ते धरणाऱ्या सांगाड्यासकट निखळून पंखावरून मागे पडलं. आठ आठवड्यांपूर्वी देखभालीत इंजिन आणि सांगाडा एकत्रच फोर्कलिफ्टने उतरवले-चढवले होते. उत्पादकाची सूचना होती ते वेगवेगळे काढण्याची. त्या उठाठेवीत मागच्या जोडाला चीर पडली होती.

पण वजन गेल्यामुळे किंवा जोर कमी पडल्यामुळे विमान पडलं नाही. इंजिन जाताना हायड्रॉलिक नळ्या तुटल्या आणि डाव्या पंखाच्या पुढच्या कडेचे स्लॅट, म्हणजे कमी वेगातही उचल मिळावी म्हणून पुढे सरकवलेल्या पट्ट्या, मिटले. त्यामुळे डावा पंख १५९ नॉटलाच उचल सोडणार होता. वैमानिकांनी मात्र पुस्तकाबरहुकूम नाक वर करून वेग १५३ नॉटकडे उतरू दिला. कॉकपिटमधून पंखावरचं इंजिन दिसत नाही आणि धोक्याची सूचना देणाऱ्या यंत्रणेची वीजही त्या इंजिनाबरोबरच गेली होती. जमीन सोडल्यापासून अर्ध्या मिनिटात विमान कोसळलं. जमिनीवरचे दोघे धरून २७३ बळी.

औरंगाबादचा १९९३ चा अपघातही इंजिनामुळेच का? (छत्रपती संभाजीनगर)

नाही. २६ एप्रिलला इंडियन एअरलाइन्सचं ७३७ उचलायला उशीर झाला आणि धावपट्टीपलीकडच्या बीड रस्त्यावर कापसाच्या गाठींनी भरलेल्या ट्रकला त्याची चाकं धडकली. पुढे ते विजेच्या तारांवर आदळलं. ११८ पैकी ५५ जण गेले. दोष दुहेरी ठरला: विमान उशिरा उचलणं, आणि उड्डाणाच्या वेळी तो रस्ता बंद न ठेवणं.

आपत्कालीन दाराजवळची जागा मिळाली तर नेमकं काय लक्षात ठेवायचं? (मुंबई)

आधी विमान कोणतं ते समोरच्या खिशातल्या सुरक्षा कार्डावर बघा. नव्या ७३७ ना हे दार बिजागरीवर वर उघडतं, उचलावं लागत नाही. एअरबस ए-३२० ला मात्र ते सुटं होऊन हातात येतं. वजन साधारण १५ किलो, आणि ते आत न ठेवता बाहेर फेकायचं असतं. उघडण्याआधी खिडकीतून बाहेर आग आहे का, त्या बाजूचं इंजिन फिरतंय का, हे पाहा. असेल तर ते दार बंदच ठेवा आणि लोकांना दुसरीकडे वळवा. पट्टा सोडताना खटका दाबायचा नसतो, वर उचलायचा असतो. घाबरलेली माणसं गाडीच्या सवयीने तो दाबत बसतात. बाकीच्यांनी पुढची आणि मागची दारं किती खुर्च्यांवर आहेत ते बसतानाच मोजून ठेवावं, कारण धुरात हाताला खुर्च्याच लागतात. बूट पायात ठेवा. आणि बॅग वर असेल तर ती वरच राहू द्या.