पाटलोण कुठून आली? (आट्यापाट्यातून नाही)

प्रश्न असा होता की एका काकांनी सांगितलंय, 'पाटलोण' हा शब्द आट्यापाट्यातल्या 'पाटी' आणि 'लोण' वरून आलाय, धोतर पायात अडकायचं म्हणून खेळायला जे घालायचे ती पाटलोण, आणि तिचीच पुढे पँट झाली, हे खरंय का?

काकांच्या कल्पनाशक्तीला सलाम, पण नाही. पाटलोण आली इंग्रजी 'पँटलून' वरून. शेवटच्या 'न' चा 'ण' आपण प्लाटूनची 'पलटण' करतानाही केलाय, त्यात नवल काही नाही. हिंदीवाले 'पतलून' म्हणतात, तोच शब्द.

खरी मजा पँटलूनच्या मागे आहे, कारण हे मुळात कपड्याचं नावच नाही, माणसाचं आहे. तेही नाटकातल्या म्हाताऱ्याचं!

सोळाव्या शतकात इटलीत कोम्मेदिया देल्लार्ते नावाचा नाटकाचा प्रकार जोरात होता. नट पोटासाठी नाटक करणारे, गावोगाव फिरणारे. पादुआ शहरात १५४५ साली अशा एका मंडळीने नोटरीसमोर केलेला करार अजून आहे, त्यात कोणी आजारी पडला तर काय करायचं, सामान वाहायला सगळ्यांच्या पैशातून घोडा घ्यायचा वगैरे कलमं आहेत. म्हणजे हौशी कारभार नव्हे, चोख धंदा. लिहिलेले संवाद नसायचे, फक्त कथेचा सांगाडा ठरलेला, बाकी सगळं स्टेजवर उभं राहून रचायचं (दशावतार पाहिलेल्यांना हे लगेच कळेल). म्हणून पात्रं पण ठरलेली, मुखवटा दिसला की लोकांना कळायचं कोण आलं.

त्यातलाच एक पांतालोने. व्हेनिसचा व्यापारी, म्हातारा, पैसेवाला आणि महाकंजूष. चेहऱ्यावर काळपट अर्धा मुखवटा, बाकदार नाक, टोकदार दाढी, अंगावर काळा झगा, कमरेला पैशाची थैली, पायात सपाता, आणि झग्याखालून दिसणारी लालभडक, कमरेपासून घोट्यापर्यंत पायाला चिकटलेली विजार. वय झालं तरी तरण्या पोरींच्या मागे लागणार आणि नोकर त्याला हमखास गंडवणार. त्या नोकराचं नाव 'झान्नी', म्हणजे जोव्हान्नीचं तिकडचं बोलीतलं रूप, त्यावरून इंग्रजीत 'झेनी' (म्हणजे विदूषकासारखा, खुळचट) आला, तो वेगळाच विषय.

आता पांतालोने हे नाव का? सरळ उत्तर म्हणजे व्हेनिसमध्ये सेंट पांतालेओनेला फार मान, त्याच्या नावाचं चर्चही तिथे आहे, म्हणून टिपिकल व्हेनिसवाला म्हणून हे नाव. पण तिकडेही एक काका होऊन गेले असणार, कारण दुसरी व्युत्पत्ती अशी सांगतात की 'प्यांता लेओने' म्हणजे सिंह रोवणारा, व्हेनिसचे व्यापारी जातील तिथे आपला सिंहाचा झेंडा रोवायचे म्हणून! ऐकायला झकास, पण काकांच्या 'पाटी' अधिक 'लोण' ह्या व्युत्पत्तीच्याच जातीची.

ह्या मंडळ्या फ्रान्सला गेल्या, पॅरिसमध्ये नाव काढलं, आणि इंग्रजीतही 'पँटलून' म्हणजे खुळा म्हातारा असा अर्थ रुळला. शेक्सपिअरने १६०० च्या आसपास माणसाच्या सात अवस्था सांगितल्या त्यात सहावी हीच आहे: सुकलेला, सपाता घातलेला पँटलून, नाकावर चष्मा, कमरेला थैली, आणि तरुणपणचे जपून ठेवलेले पायमोजे आता काटकुळ्या पायांवर ढगळ झालेले. म्हणजे तोवर शब्दाचा अर्थ माणूसच, कपडा नाही.

मग लोक त्या म्हाताऱ्याच्या विजारीलाच त्याच्या नावाने ओळखायला लागले. सुरुवातीला अर्थ डळमळीत होता, १६६० नंतर लंडनमध्ये फ्रेंच फॅशनची घोळदार तोकडी चड्डी पण पँटलूनच. लांब विजारीला खरा भाव आला फ्रेंच राज्यक्रांतीत, बडे लोक गुडघ्यापर्यंतची क्युलोत घालायचे आणि कष्टकरी लांब पांतालों, म्हणून क्रांतिवाल्यांना 'सां-क्युलोत', म्हणजे क्युलोत नसलेले, असं नाव पडलं. पुढे एकोणिसाव्या शतकात अमेरिकेत पँटलून्सचं 'पँट्स' झालं. त्यामुळे काकांचं एक बरोबर, पँट ही पाटलोणीच्याच घरातली, फक्त शेपूट कापलंय ते अमेरिकेत.

एक गंमत राहिली. इंग्रजीत ते कायम अनेकवचनी, एक असली तरी 'पँट्स'. आपण पाटलोण सरळ एकवचनी स्त्रीलिंगी करून टाकली. आमचे आजोबा 'पाटलोणीला इस्त्री मार रे' म्हणायचे, तेव्हा ते एका इटालियन म्हाताऱ्याच्या नावाला ई-कारान्त सामान्यरूप लावतायत हे त्यांना सांगायचं राहूनच गेलं.