शाळेच्या पाटीवरचे नाव

प्रश्न : माझी मुलगी मिनियापोलिसला राहते. यंदा तिच्याकडे गेलो असता नातवाच्या शाळेच्या पाटीवर ‘जस्टिस पेज मिडल स्कूल’ असे नाव वाचले. नातवाने सांगितले, की हे पेज मिनेसोटा राज्याच्या सर्वोच्च न्यायालयात न्यायमूर्ती होते आणि त्यापूर्वी पंधरा वर्षे व्यावसायिक अमेरिकन फुटबॉल खेळत होते, तेही ‘डिफेन्सिव्ह लाइनमन’ म्हणून. मी चाळीस वर्षे वकिली केली असल्यामुळे न्यायमूर्तिपदाचे मोल मला समजते, परंतु खेळाचा भाग काहीच समजत नाही. हे गृहस्थ मैदानावर नेमके काय करीत असत, आणि तेथून न्यायासनापर्यंत कसे पोहोचले?
— एक निवृत्त वकील, नाशिक

उत्तर : आधी मैदानाविषयी सांगतो, कारण ते समजल्याशिवाय ॲलन पेज यांचे मोठेपण पुरते कळणार नाही. अमेरिकन फुटबॉलमध्ये प्रत्येक संघाचे अकरा खेळाडू मैदानात असतात आणि ज्या संघाकडे चेंडू असतो त्याला चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढे सरकावे लागते. प्रत्येक प्रयत्न सुरू होण्यापूर्वी चेंडू जमिनीवर ठेवलेला असतो, आणि त्याच्या लांबीएवढी जागा मध्ये सोडून दोन्ही बाजूंचे धिप्पाड खेळाडू गुडघे वाकवून, एक हात जमिनीवर टेकवून समोरासमोर बसलेले असतात. चेंडूच्या बाजूचे पाच जण आपल्या क्वार्टरबॅकचे, म्हणजे चेंडू फेकणाऱ्या सूत्रधाराचे, रक्षण करतात. त्यांच्या समोर बसलेले ते डिफेन्सिव्ह लाइनमन. चेंडू हलला, की त्या भिंतीतून वाट काढून क्वार्टरबॅकला चेंडू फेकण्यापूर्वीच पाडायचे, किंवा चेंडू घेऊन कोणी धावत आला तर त्याला तेथेच अडवायचे, हे त्यांचे काम. या साऱ्याला वेळ मिळतो तो जेमतेम दोन-तीन सेकंदांचा, आणि एका सामन्यात ही झुंज पन्नास-साठ वेळा तरी होते.

या जागेवर वजनाला फार महत्त्व असते. आज येथे खेळणाऱ्यांचे वजन सर्रास १३५ किलोच्या पुढे असते, आणि पेज यांच्या काळीही अवजड शरीर हाच पहिला निकष मानला जात असे. पेज ६ फूट ४ इंच उंच होते, पण वजन सुमारे १११ किलोच. त्यांची खरी ताकद पहिल्या पावलात होती. चेंडूची हालचाल होते न होते तोच ते निघालेले असत, आणि समोरचा खेळाडू आपला तोल सावरून हात पुढे करीपर्यंत ते त्याच्या खांद्याशेजारून आत शिरलेले असत. ज्या जागेवर ढकलण्याला मान होता, त्या जागेवर त्यांनी निसटण्याची कला आणली.

त्यांचा जन्म ७ ऑगस्ट १९४५ रोजी ओहायो राज्यातील कॅन्टन या पोलाद कारखान्यांच्या गावी झाला. योगायोग असा, की व्यावसायिक फुटबॉलमधील थोर खेळाडूंचे सन्मानभवन, म्हणजे हॉल ऑफ फेम, याच गावी आहे, आणि त्याची इमारत उभी राहत असताना शाळकरी वयाच्या पेज यांनी त्या बांधकामावर मजुरी केली होती. पुढे नोटरडेम विद्यापीठाच्या संघातून खेळून त्यांनी १९६६ चे राष्ट्रीय विजेतेपद मिळवले, तेथेच राज्यशास्त्राची पदवी घेतली, आणि १९६७ मध्ये व्यावसायिक संघ नवे खेळाडू फेरीफेरीने निवडतात त्या वार्षिक निवडीत मिनेसोटा वायकिंग्ज संघाने पहिल्याच फेरीत त्यांची निवड केली.

वायकिंग्जच्या बचावफळीत पेज यांच्याबरोबर कार्ल एलर, जिम मार्शल आणि गॅरी लार्सन होते. संघाच्या जांभळ्या पोशाखावरून या चौघांना ‘पर्पल पीपल ईटर्स’ असे नाव पडले. १९६९ च्या हंगामात चौदा सामन्यांत या संघाविरुद्ध प्रतिस्पर्ध्यांना सगळे मिळून १३३ गुण करता आले. सामन्यामागे दहाही नाहीत! वायकिंग्ज चार वेळा सुपर बोलपर्यंत, म्हणजे हंगामाच्या अंतिम विजेतेपदाच्या सामन्यापर्यंत, पोहोचले आणि चारही वेळा हरले, ही गोष्ट मिनेसोटातील जुन्या प्रेक्षकांना आजही सलते. पेज त्या चारही सामन्यांत खेळले होते.

न्यायासनाकडे जाणारी वाट खेळ संपल्यावर सुरू झाली, असा आपला समज असेल तर तो दुरुस्त करायला हवा. वकील होण्याची इच्छा त्यांना लहानपणापासूनच होती. व्यावसायिक खेळाच्या सुरुवातीच्या काळात त्यांनी विधी महाविद्यालयात प्रवेश घेतला, पण काही आठवड्यांतच तो सोडून दिला. १९७५ मध्ये, तिशीच्या उंबरठ्यावर आणि कीर्तीच्या शिखरावर असताना, त्यांनी मिनेसोटा विद्यापीठात पुन्हा नाव घातले आणि १९७८ मध्ये कायद्याची पदवी घेतली. या सगळ्या काळात ते वायकिंग्जसाठी पूर्णवेळ खेळत होते, शिवाय खेळाडूंच्या संघटनेत संघाचे प्रतिनिधी म्हणूनही काम करीत होते. खेळाडूला एका संघातून दुसऱ्या संघात जाण्याचे स्वातंत्र्य जवळपास नव्हते, अशा दिवसांतील ते काम होते. कराराच्या कलमांची सवय त्यांना तेथेच लागली असावी, असे मला वाटते.

खेळ सोडण्याआधीच, हंगाम नसताना, ते मिनियापोलिसमध्ये वकिली करू लागले होते, आणि १९८५ पासून राज्याच्या महाधिवक्त्यांच्या कार्यालयात काम करू लागले. आपण वकील आहात म्हणून पुढचा प्रसंग थोडा विस्ताराने सांगतो. मिनेसोटात सर्वोच्च न्यायालयाच्या न्यायमूर्तींची निवड मतदानाने होते. १९९२ मध्ये पेज यांना ज्या जागेसाठी उभे राहायचे होते, तेथील विद्यमान न्यायमूर्तींची मुदत राज्यपालांनी वाढवली, त्यामुळे निवडणूकच टळणार होती. पेज यांनी त्याला न्यायालयात आव्हान दिले. प्रश्न त्याच न्यायालयाच्या जागेचा असल्यामुळे खास नेमलेल्या न्यायाधीशांपुढे सुनावणी झाली, निर्णय पेज यांच्या बाजूने लागला, निवडणूक झाली आणि ते निवडून आले. राज्याच्या सर्वोच्च न्यायालयातील ते पहिले कृष्णवर्णीय न्यायमूर्ती होत. २०१५ मध्ये वयाची सत्तरी पूर्ण झाल्यावर नियमानुसार निवृत्त होईपर्यंत ते त्या पदावर होते. अमेरिकी संसदेच्या वरिष्ठ सभागृहासाठी, म्हणजे सिनेटसाठी, मिनेसोटात झालेल्या २००८ च्या निवडणुकीत अवघ्या ३१२ मतांच्या फरकावरून मोठा वाद झाला, तेव्हा मुख्य न्यायमूर्तींनी स्वतःला त्या प्रकरणातून दूर ठेवले आणि ज्येष्ठतेने अध्यक्षस्थान पेज यांच्याकडे आले. जून २००९ मध्ये पाचही न्यायमूर्तींनी एकमताने निकाल दिला.

आपल्या नातवाच्या शाळेला पूर्वी अलेक्झांडर रॅम्सी या जुन्या राज्यपालाचे नाव होते. त्याने १८६२ मध्ये तेथील मूळ रहिवासी असलेल्या डकोटा लोकांना संपवावे किंवा राज्याबाहेर हाकलून द्यावे, असे जाहीरपणे म्हटले होते. ते नाव बदलावे हा आग्रह विद्यार्थ्यांनीच धरला, आणि २०१७ मध्ये नवी पाटी लागली. मुलांनी निवडलेले नाव म्हणून तिच्याकडे पाहिले, तर ती पाटी मला अधिकच मोलाची वाटते.

प्रश्न : मी अमेरिकन फुटबॉलचे सामने नियमित पाहतो. पेज यांना १९७१ चा सर्वोत्तम खेळाडू हा पुरस्कार मिळाला, असे वाचले. मग लीगच्या अधिकृत नोंदींत त्यांच्या नावावर एकही सॅक का दिसत नाही?
— एक वाचक, पुणे

उत्तर : क्वार्टरबॅकला चेंडूसह मागेच पाडणे, म्हणजे सॅक, याची वैयक्तिक नोंद लीगने १९८२ पासून ठेवायला सुरुवात केली, आणि पेज यांचा शेवटचा हंगाम १९८१ चा होता. जुन्या चित्रफिती आणि सामन्यांचे कागद तपासून अभ्यासकांनी केलेल्या मोजण्या एकमेकांशी जुळत नाहीत, मात्र प्रत्येक मोजणीत त्यांचा आकडा शंभराच्या बराच पुढे जातो. त्यांनी प्रतिस्पर्ध्यांचे २८ किक, म्हणजे पायाने मारलेले चेंडू, रोखले, याविषयी मात्र वाद नाही. १९७१ चा पुरस्कार किती असाधारण होता, हे एवढ्यावरून लक्षात यावे, की त्यापूर्वी तो बचावफळीतील कोणालाही मिळाला नव्हता, आणि त्यानंतरही असा मान फक्त लॉरेन्स टेलर यांना, १९८६ मध्ये, मिळाला.

प्रश्न : माझा मुलगा कबड्डी चांगला खेळतो आणि आता जिल्हा संघात आहे. महाविद्यालयाचे शेवटचे वर्ष सोडून पूर्ण वेळ खेळावे, असे त्याचे मार्गदर्शक म्हणतात. त्याने काय करावे?
— एक आई, सांगली

उत्तर : आपल्या मुलाचा खेळ मी पाहिलेला नाही, म्हणून त्याच्याविषयी निकाल देणार नाही. पेज यांच्या खेळाचा शेवट कसा झाला, ते मात्र आपल्याला सांगावेसे वाटते. त्यांच्या पत्नी डायन यांनी धूम्रपान सोडण्यासाठी धावायला सुरुवात केली, आणि पेजही त्यांच्याबरोबर धावू लागले. धावण्याची गोडी लागली तसे वजन उतरत सुमारे १०२ किलोवर आले. वायकिंग्जच्या व्यवस्थापनाला ते पटले नाही, आणि १९७८ च्या हंगामात, ज्या वर्षी कायद्याची पदवी हाती आली त्याच वर्षी, अकरा वर्षे ज्या संघासाठी झुंजले त्याने त्यांना मोकळे केले. शिकागो बेअर्सने त्यांना लगेच घेतले, ते आणखी तीन-चार हंगाम खेळले, आणि १९७९ मध्ये मॅरेथॉन पूर्ण करणारे लीगमधील पहिले खेळते खेळाडू ठरले. पण संघाने काढले त्या दिवशी शिकागोचा निरोप आलाच नसता, तरी त्यांच्या हाती एक व्यवसाय होता. तो त्यांनी खेळ चालू असतानाच, दमलेल्या शरीराने पुस्तकापुढे बसून मिळवला होता, हे मुलाला सांगा.

शरीराची किंमतही त्याला सांगा. पेज यांच्या हाताची एक करंगळी सांध्यातून इतक्या वेळा निखळली, की ती आता मधूनच जवळजवळ काटकोनात बाहेर वळलेली आहे. ते शाळांमध्ये जातात तेव्हा लहान मुले पहिला प्रश्न त्या करंगळीविषयीच विचारतात, म्हणून त्यांनी आपल्या मुलीबरोबर मुलांसाठी त्यावर एक पुस्तकही लिहिले.

१९८८ मध्ये हॉल ऑफ फेमने त्यांचा सन्मान केला. अशा सोहळ्यात आपला परिचय करून देण्यासाठी खेळाडू सहसा जुन्या प्रशिक्षकाला किंवा सहकाऱ्याला बोलावतात. पेज यांनी मिनियापोलिसच्या एका शाळेच्या मुख्याध्यापिका विलारीन बीस्ली यांना बोलावले आणि भाषणात शिक्षणाविषयी बोलले. त्याच वर्षी त्यांनी कृष्णवर्णीय व अन्य अल्पसंख्य विद्यार्थ्यांच्या उच्च शिक्षणासाठी निधी उभारला, आणि त्यातून मदत घेणाऱ्याने लहान मुलांना अभ्यासात साहाय्य केले पाहिजे, अशी अट घातली.

आपण एवढे करा, की मुलाच्या सरावाचे आणि स्पर्धांचे वेळापत्रक व विद्यापीठाच्या परीक्षांच्या तारखा एकाच कागदावर शेजारी शेजारी मांडा, आणि तो कागद घेऊन मुलासह आधी त्याच्या मार्गदर्शकांना व नंतर प्राचार्यांना भेटा. कोणत्या तारखांना खरोखर अडचण येते, ते त्या कागदावर दिसेल; त्यानंतर मला पुन्हा लिहा.