याचिका फेटाळली, तरी कायदा शिकू का?

प्रश्न: मी बारावी सायन्सला आहे, मराठवाड्यातल्या एका खेड्यात राहते. ग्रामीण गॅस एजन्सीच्या सोडतीत बाबांचा नंबर लागला होता. जागेच्या पडताळणीत कंपनीनं त्यांचं नाव बाद केलं. अर्जाच्या शेवटच्या तारखेला सातबारावर काकांचं नाव होतं, वाटणीचा फेरफार ११ दिवस उशिरा मंजूर झाला. अटी हा धोरणाचा भाग आहे, असं म्हणत हायकोर्टानं याचिका फेटाळली. मला आता वकीलच व्हायचंय. आई म्हणते, कोर्ट धोरणात पडतच नसेल तर कायदा शिकून काय करणार?

उत्तर: तू पाठवलेली फेरफाराची झेरॉक्स पाहिली. मंजुरीच्या तारखेखाली बाबांनी लाल पेनानं दोनदा रेघ ओढलीये, कागद फाटेस्तोवर. त्यांची तळमळ मला कळते. आईंची शंकाही रास्त आहे, म्हणून आधी तिच्याबद्दल.

कोर्ट धोरणात अजिबात पडत नाही, असं नाही. कुठल्या गावाला एजन्सी द्यायची, गोदामाला किती जागा हवी, हे सरकार आणि तेल कंपन्या ठरवतात. त्याहून चांगलं धोरण असू शकलं असतं का, यात कोर्ट सहसा शिरत नाही. पण निर्णय कसा घेतला, सगळ्यांना एकच नियम लावला का, ज्याचं नुकसान झालं त्याचं ऐकून घेतलं का, हे हायकोर्ट राज्यघटनेच्या कलम २२६ खाली तपासू शकतं. १९९४ च्या टाटा सेल्युलर निकालात सुप्रीम कोर्टानं हीच रेघ आखून दिली. तुझ्या बाबांच्या बाबतीत तारखेची अट आधीच जाहीर होती आणि सगळ्यांना सारखी होती, म्हणून बाजू लंगडी पडली. तुला वाईट वाटेल, पण खोटा दिलासा मी देणार नाही.

आता दुसरी बाजू बघ. २००२ मध्ये पेट्रोल पंप आणि गॅस एजन्सींच्या वाटपात राजकीय वशिला चालल्याच्या बातम्या आल्या. गदारोळ झाला आणि केंद्र सरकारनं जानेवारी २००० पासूनची वाटपं सरसकट रद्द केली. वशिल्याचे तट्टू गेले, त्यांच्यासोबत सरळ मार्गानं निवडले गेलेलेही गेले. ओंकारलाल बजाज प्रकरणात सुप्रीम कोर्टानं तो सरसकट आदेश रद्द केला आणि वादातली ४१३ प्रकरणं तपासायला दोन निवृत्त न्यायमूर्तींची समिती नेमली. सरकारचं धोरणच होतं ना ते? तरीही ओल्याबरोबर सुकं जाळता येणार नाही, असंच कोर्टानं बजावलं. आईंना हे जरूर सांग.

अशी प्रकरणं कागदांवर उभी राहतात. जाहिरात, माहितीपुस्तिका, फेरफार, नकाराचं पत्र, प्रत्येकाची तारीख. हे काम तुला आवडतं का, ते घरबसल्या कळेल. बाबांची याचिका, कंपनीचं प्रतिज्ञापत्र आणि निकाल घेऊन बस, वहीत फक्त तारखा क्रमानं उतरव. दोन तासांनीही उठावंसं वाटलं नाही, तर खुशाल कायद्याकडे वळ. नुसता संताप असेल तर तो दुसऱ्या वर्षापर्यंत टिकत नाही, असं मी अनेक मुलांच्या बाबतीत पाहिलंय.

बारावी मात्र अर्धवट सोडू नकोस. पाच वर्षांच्या अभ्यासक्रमाला कुठल्याही शाखेची बारावी चालते. राज्याची लॉ सीईटी दे. मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगरच्या राष्ट्रीय विधी विद्यापीठांसाठी क्लॅट ही देशपातळीवरची प्रवेश परीक्षा लागते. पदवीनंतर महाराष्ट्र आणि गोवा बार कौन्सिलची सनद, मग अखिल भारतीय बार परीक्षा. न्यायाधीश व्हायचं मनात असेल तर मे २०२५ च्या सुप्रीम कोर्टाच्या निकालानं किमान तीन वर्षांची वकिली पुन्हा बंधनकारक झाली आहे. ज्युनियर म्हणून पहिली दोन-तीन वर्षं हातात फार पैसे येत नाहीत. हा हिशेब आई-बाबांसोबत आत्ताच मांडा.

सायन्सही वाया जात नाही. गॅस साठवणुकीच्या सुरक्षेचे नियम बघणाऱ्या 'पेसो' या केंद्रीय संस्थेचं मुख्यालय आपल्या नागपुरातच आहे. गोदाम आणि वस्ती यांच्यातल्या अंतरावरून वाद झाला, तर नकाशा आणि नियम दोन्ही वाचता येणारा वकील लागतो.

तारखांची वही झाली की मला पाठव. निकालातला जो परिच्छेद कळणार नाही, त्याचा क्रमांक समासात लिहून ठेव.