बिबट्या बागेत, डुकरे मक्यात : वाचकांचे प्रश्न

रब्बीच्या पेरण्या उरकल्या आणि ऊसतोड सुरू झाली की रानातल्या जनावरांविषयीची पत्रे वाढतात. खान्देशातून आलेल्या पत्रांपैकी पाच इथे घेतली आहेत. नावे मुद्दाम दिलेली नाहीत.

प्रश्न : पाच एकर केळी आहे, त्यातली निम्मी पिलबाग (पहिल्या तोडणीनंतर पिलांवर धरलेली बाग). महिनाभरात वस्तीवरची दोन कुत्री गेली. ठिबकच्या व्हॉल्व्हजवळ पंजाचे ठसे दिसतात. मजूर पानं कापायला आत जायला तयार नाहीत. वनखात्याकडे पिंजरा मागितला तर ‘अजून गरज नाही’ म्हणतात. कोणाचा जीव गेल्यावर गरज पडणार का? (रावेर तालुका)

उत्तर : भाऊ, भीती खरी आहे आणि रागही रास्त आहे. तरी पिंजऱ्याचा आग्रह तूर्त बाजूला ठेवा, कारण पिंजऱ्याने तुमचा प्रश्न सहसा सुटत नाही. बिबट्या तुमच्या बागेत आला तो सावली, ओलावा, लपायला जागा आणि हाताशी कुत्री-शेळ्या आहेत म्हणून. त्याला उचलून नेले तरी ही सोय तशीच राहते आणि रिकाम्या जागेत दुसरा येतो. पहिल्याला निदान तुमच्या येण्याजाण्याच्या वेळा माहीत झालेल्या असतात. नव्याला काहीच ठाऊक नसते.

जुन्नर भागात २००१ ते २००३ या काळात बरेच बिबटे पकडून दुसरीकडे सोडले गेले. त्यानंतर माणसांवरचे हल्ले वर्षाला सरासरी ४ वरून १७ वर गेले, असे विद्या अत्रेय आणि त्यांच्या सहकाऱ्यांच्या अभ्यासात आढळले. सोडलेला बिबट्या सोडल्या जागी राहतो असेही नाही. २००९ साली पारनेर तालुक्यात टाकळी ढोकेश्वरच्या विहिरीतून काढलेला एक नर गळ्यात कॉलर घालून माळशेजजवळ सोडला होता. तो साधारण १२० किलोमीटर चालून मुंबईच्या संजय गांधी राष्ट्रीय उद्यानापर्यंत गेला. शिवाय बिबट्या वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत आहे. त्याला पकडायला मुख्य वन्यजीव रक्षकांचा लेखी आदेश लागतो, तालुक्याच्या पातळीवर तो निर्णय होत नाही. माणसावर हल्ला झाला, किंवा माणसांना न बुजता जनावर भरदिवसा घराशी येऊ लागले, तर मात्र पिंजरा मागायचाच, आणि लेखी मागायचा.

तोवर करायच्या गोष्टी तुमच्या हातातल्या आहेत. सुरुवात कुत्र्यांपासून करा. अकोले तालुक्यातल्या शेतीपट्ट्यात बिबट्याच्या आहाराचा अभ्यास झाला, तेव्हा वजनाच्या हिशेबाने ८७ टक्के आहार पाळीव जनावरांचा निघाला आणि त्यात एकट्या कुत्र्यांचा वाटा ३९ टक्के होता. म्हणजे वस्तीवरचे मोकाट कुत्रे राखण करत नाही, ते बिबट्याला बोलावते. रात्री कुत्री बंद जागेत ठेवा. मेलेली कोंबडी, वासरू, खाटकाकडची घाण नाल्यात टाकत असाल तर ते थांबवा आणि खोल खड्ड्यात पुरा. पाच घरांनी पाळले आणि सहाव्याने टाकले तरी बिबट्या येतच राहतो, म्हणून हे सगळ्या वस्तीने मिळून ठरवायला हवे.

मग शेळ्यांचा गोठा. दहा शेळ्यांना १० बाय १२ फूट जागा पुरते. एक फूट खोल पाया, दोन-तीन फूट विटांची भिंत, त्यावर लोखंडी अँगलला ताणून बांधलेली दोन इंची जाळी. लोक इथे थांबतात आणि फसतात, कारण आठ फुटांची भिंत बिबट्याला अडवत नाही. वर छत हवेच. नुसते पत्रे ठेवून त्यावर दगड ठेवणे म्हणजे छत नव्हे. पत्र्याखाली जाळी टाकून ती चारही बाजूंनी अँगलला बांधा. दाराला वर आणि खाली अशा दोन कड्या घाला, दाराखालची फट तीन इंचांहून जास्त नको. फटीतून पंजा आत आला की शेळ्या बिथरून दारावर धडकतात आणि कमजोर कडी आतूनच तुटते.

बागेच्या कडेच्या दोन-तीन ओळींतली वाळलेली, लोंबणारी पाने काढून टाका, जास्तीचे मुनवे (बुंध्याशी फुटणारी पिले) कापा. माणसाला आतले दिसते, बिबट्याची आडोशाची जागा कमी होते, आणि करपा या पानांवरच्या रोगालाही आळा बसतो. मजुरांनी सकाळी आठनंतर आत जावे, तिघा-चौघांनी मिळून, मोठ्याने बोलत. एकट्याने वाकून किंवा उकिडवे बसून काम करणारा माणूस बिबट्याला माणसासारखा दिसत नाही, लहान जनावरासारखा दिसतो.

रात्रीच्या पाळीची वीज हे या सगळ्यातले सर्वांत मोठे दुखणे आहे. बारा वाजता लाइट आली म्हणून एकटा सालदार (वर्षभरासाठी ठेवलेला गडी) बॅटरी घेऊन मोटर चालू करायला जातो, हे थांबायला हवे. मोबाइल स्टार्टर बसवा, म्हणजे मोटर घरून चालू-बंद होते. व्हॉल्व्ह बदलायला जावेच लागले तर दोघांनी जा, हातात काठी आणि उजेडाची बॅटरी ठेवा, मोबाइलवर गाणी लावा. समोर आलाच तर पळू नका आणि खाली वाकू नका. तोंड त्याच्याकडे ठेवून, हात वर करून, ओरडत मागे सरका. त्याला निघून जायला वाट मोकळी ठेवा.

प्रश्न : तीन एकर मक्याला झटका मशीन (सौर कुंपण) बसवलं. पहिले वीस दिवस डुकरं फिरकली नाहीत, आता तारेखालून सर्रास घुसतात. शेजारी म्हणतो, सरळ लाइनची तार जोडून टाक. काय करावं? (चोपडा तालुका)

उत्तर : लाइनची तार जोडू नका. झटका मशीनच्या तारेत पाच ते दहा हजार व्होल्ट असतात, पण सेकंदाच्या काही हजाराव्या भागापुरते आणि सेकंदा-सव्वा सेकंदातून एकदाच. मधल्या वेळात स्नायू सुटतो आणि जनावर मागे उडी मारते. २३० व्होल्टची घरगुती वीज सलग वाहते, स्नायू आखडतो, हात सुटत नाही. अशा तारेला बहुतेक वेळा शेजारचा माणूस, पाणी द्यायला आलेला सालदार किंवा घरचेच पोर चिकटते. त्यानंतरचा गुन्हा वीजचोरीवर थांबत नाही, माणूस मारल्याचा होतो. तुमच्या शेजाऱ्यालाही हे सांगा.

आता मशीन का चालत नाही ते पाहू. वीस दिवस चालून बंद पडले यावरून मशीन बहुधा ठीक आहे, बिघाड जमिनीत किंवा गवतात आहे. झटका बसायचा तर वीज तारेतून जनावरात, जनावरातून जमिनीत आणि जमिनीतून अर्थिंगच्या सळईतून मशीनकडे परत यावी लागते. आपली काळी जमीन वरून वाळली, भेगाळली की हा परतीचा रस्ताच तुटतो. एक फुटाची सळई ठोकून भागत नाही. सहा-सहा फुटांच्या तीन जीआय (जस्त चढवलेल्या लोखंडी) सळया, एकमेकींपासून दहा फुटांवर, कोळसा आणि मीठ भरलेल्या खड्ड्यात ठोका, एकाच तारेने जोडा आणि आठवड्यातून एकदा तिथे दोन बादल्या पाणी ओता. उन्हाळी मक्यात एवढ्यानेही जमले नाही तर तारा आलटूनपालटून जोडा : एक झटक्याची, एक अर्थिंगची. डुक्कर दोन्हींना एकदम टेकते, मग जमीन कोरडी असली तरी चालते.

तारेची उंचीही मोजून घ्या. डुकराच्या अंगावरचे राठ केस झटका अडवतात, पण नाक ओले असते. म्हणून सर्वांत खालची तार जमिनीपासून २० सेंटिमीटरवर, दुसरी ४० ते ४५ वर. ही खालची तार तीस-पस्तीसवर गेली की डुक्कर नाक खाली घालून पाठीने तार उचलते आणि पार होते. तुमच्याकडे नेमके हेच होत असावे. रोहींचाही (नीलगायींचाही) त्रास असेल तर ९० आणि १४० सेंटिमीटरवर आणखी दोन तारा घ्या. खालच्या तारेला गवत किंवा मक्याचे पान टेकले की तिथून वीज झिरपते, म्हणून तारेखालचा दीड-दोन फुटांचा पट्टा पंधरवड्याला साफ करा. टेस्टर मशीनपाशी लावून उपयोग नाही, कुंपणाच्या सर्वांत दूरच्या टोकाला लावा. तिथे ४,००० व्होल्टच्या खाली आकडा असेल तर डुक्कर जुमानणार नाही. सौर पॅनेलवरची धूळ आठवड्यातून पुसा आणि वादळात मशीन काढून ठेवा.

कुंपण पीक दुधात यायच्या आधी चालू व्हायला हवे. कणसाची चव लागलेला कळप झटका खाऊनही परत येतो. जुन्या साड्या, फटाके, आवाजाची यंत्रे आठ-दहा दिवस चालतात, मग डुकरांना सवय होते; वापरायचीच तर जागा बदलत राहा. रब्बीत हरभऱ्याभोवती करडईच्या चार ओळी दाट पेरायची जुनी पद्धत आहे, काट्यांमुळे कळप बराच अडतो. सौर कुंपणासाठी डॉ. श्यामाप्रसाद मुखर्जी जन-वन विकास योजनेतून किमतीच्या ७५ टक्के किंवा १५,००० रुपये, यांपैकी कमी असेल ती रक्कम अनुदान म्हणून मिळते. तुमचे गाव त्या यादीत बसते का, ते वनपरिक्षेत्र कार्यालयात विचारा.

प्रश्न : माझी दोन वर्षांची कालवड बिबट्याने मारली. वास येईल म्हणून आम्ही ती ओढून नाल्यात टाकली. दुसऱ्या दिवशी पंचनाम्याला आलेले म्हणाले, आता काही होणार नाही. पुन्हा असं झालं तर काय करावं? (साक्री तालुका)

उत्तर : ताई, नुकसान झाले ते झालेच, पण पंचनामा नेमका कशावर चालतो ते समजून घ्या. मारले कोणी, हे मेलेल्या जनावरावरून आणि त्याच्या भोवतालच्या जमिनीवरून ठरते. बिबट्या सहसा गळा धरतो, म्हणून गळ्यावर खोल दातांच्या खुणा असतात. मोकाट कुत्री आणि तरस मागून, मांडीला किंवा कासेला फाडतात. बिबट्याच्या ठशात नखे उमटत नाहीत, कुत्र्याच्या आणि तरसाच्या ठशात उमटतात. जनावर हलवले की ठसे आणि ओढल्याची वाट दोन्ही जातात, आणि ‘कुत्र्यांनी मारले’ असा शेरा बसतो.

म्हणून जनावर जिथे पडले तिथेच राहू द्या. वर काटेरी फांद्या टाका, ठशांवर घमेले पालथे घाला, मोबाइलवर तारीख-वेळेसह फोटो काढा : गळा, पूर्ण जनावर, कानातला १२ अंकी बिल्ला, ठशाशेजारी काडेपेटी. वनरक्षकाला किंवा १९२६ या हेल्पलाइनला लगेच कळवा. ४८ तासांच्या आत कळवणे बंधनकारक आहे. किंमत पशुधन विकास अधिकारी ठरवतात. त्यांना वय, जात, दूध, गाभण असल्यास महिना हे सगळे सांगा, कारण न सांगितलेली गाभण कालवड साध्या कालवडीच्या भावात धरली जाते. २०२२च्या शासन निर्णयाप्रमाणे गाय, म्हैस, बैल यांच्यासाठी बाजारभावाच्या ७५ टक्के किंवा ७०,००० रुपये, आणि शेळी-मेंढीसाठी ७५ टक्के किंवा १५,००० रुपये, यांपैकी कमी रक्कम मिळते. पंचनाम्याची प्रत तिथेच मागून घ्या. भरपाई ३० दिवसांत द्यावी असा २०२३चा कायदा आहे, त्याचा उल्लेख अर्जात करा.

एक गोष्ट कळकळीने सांगतो. रागाच्या भरात मेलेल्या जनावरावर कीटकनाशक टाकू नका. बिबट्या दुसऱ्या रात्री परत येतो हे खरे, पण त्याआधी गावची कुत्री, कावळे, मुंगूस त्यावर येतात. भरपाई जाते आणि गुन्हा दाखल होतो.

प्रश्न : भरदुपारी कोल्हा वस्तीत शिरला आणि आजोबांच्या पोटरीला चावला. जखम लहान आहे. हळद भरली, चालेल ना? (पारोळा तालुका)

उत्तर : चालणार नाही. दिवसा माणसांत घुसून चावणारा कोल्हा पिसाळलेला आहे असेच धरून चला. हळद, चुना, मिरची काही भरू नका. वाहत्या पाण्याखाली साबणाने १५ मिनिटे जखम धुवा, घड्याळ लावून. तसेच सरकारी दवाखान्यात जा. लस ०, ३, ७, १४ आणि २८ व्या दिवशी दंडात देतात. चावून रक्त आले असेल तर जखमेत भरायचे इम्युनोग्लोब्युलिनही लागते. ते तालुक्याला नसले तर जिल्हा रुग्णालय गाठा. जखम भरली म्हणून पुढचे डोस चुकवू नका. या रोगाची लक्षणे दिसल्यावर वाचवता येत नाही. त्याच दिवशी कोल्ह्याने वस्तीतल्या गुरांनाही चावा घेतला असेल तर पशुवैद्यकांना कळवा.

प्रश्न : ऊसतोडीत बिबट्याची दोन पिल्लं सापडली. टोळीतली माणसं घाबरून ती घरी घेऊन आली. आता पुढं काय? (शहादा तालुका)

उत्तर : आधी १९२६ ला कळवा आणि त्या फडातली तोड थांबवा. पिल्लांना दूध पाजू नका, पोरांना हाताळू देऊ नका, फोटोसाठी गर्दी नको. मादी जवळपासच असते, आणि पिल्ले जागेवर नाहीत असे दिसले की तीच सगळ्यांत धोकादायक होते. वनखात्याची माणसे पिल्ले तपासून, उघड्या क्रेटमध्ये घालून, जिथे सापडली त्याच सरीत संध्याकाळी ठेवतात आणि दुरून कॅमेरा लावतात. म्हणून सापडलेल्या जागी काठीला फडके बांधून खूण ठेवा; तोड पुढे गेली की ती जागा ओळखू येत नाही. त्या रात्री फडाकडे कोणी जायचे नाही, ट्रॅक्टरही नको. पहिल्या रात्री मादी आली नाही तर दुसऱ्या रात्री पुन्हा ठेवतात. सकाळी क्रेटमध्ये एकच पिल्लू उरलेले दिसले तर ते टाकून दिले असे समजून उचलू नका. मादी एका वेळी एकच पिल्लू तोंडात धरून नेते, दुसऱ्यासाठी ती परत येते.